भीमाबाईंचा सभात्याग

भीमाबाई गेली हे करवंद्यात सगळ्यांना माहीत होतं. नगराध्यक्ष अनंताशेठ अंत्ययात्रेत सगळ्यांच्या पुढे होते. त्यांच्यावर अविश्वास ठराव आणणारे महेंद्रदादाही होते. खांदा पुढून कोणी द्यायचा यावरून दोघांच्या माणसांत थोडी ढकलाढकलही झाली. महेंद्रदादांच्या बाजूचे बाकीचे नगरसेवक तेव्हा माळशेजकडच्या एका फार्महाऊसवर होते. फुटू नयेत म्हणून त्यांना सहलीला नेलं होतं. मयताला यायलाच पाहिजे म्हणून त्यांना मिनीबसमधून आणलं, पण एका वेळी दोघांनाच खाली सोडलं. दोघं उतरायचे, फुलं वाहायचे, परत बसमध्ये चढायचे. मग पुढचे दोघं. ड्रायव्हर दारात उभा राहून मोजत होता.

केरूनं हे पाहिलं, पण त्याच्या डोक्यात काही शिरलं नाही.

केरू चन्ने हा भीमाबाईचा नवरा. कसाऱ्याला रेल्वेत गँगमन होता, आता पेन्शनवर होता. करवंदे म्हणजे किन्हवलीहून मुरबाडला जाताना लागणारं गाव. गावाची नगरपंचायत झाली तेव्हा बौद्धवाडीची जागा बायकांसाठी राखीव निघाली आणि भीमाबाई निवडून आली. दुसऱ्या वॉर्डांत बायको निवडून यायची आणि सभेला नवरा बसायचा. इथं तसं नव्हतं. केरू तिची पिशवी दारापर्यंत न्यायचा आणि सभा संपेपर्यंत बाहेर जांभळाखाली बसायचा. एकदा तो आत डोकावला तर ती सगळ्यांसमोर बोलली, "तुमचं काय काम हाय इथं? तुमी निवडून आलात का मी?"

सभा कितीही लांबली तरी भीमाबाई शेवटपर्यंत बसायची. आभार मानले जायच्या आधीच बाकीचे वडापावकडे पळायचे, पण ही उठायची नाही. एकदा लाइट गेले. सगळे बाहेर आले, ही एकटी अंधारात बसून राहिली आणि क्लार्कला म्हणाली, "गणू, ठराव वाचून संपव. मला ऐकायला दिवा लागत नाय." गणूनं मोबाइलच्या उजेडात तो वाचला.

अविश्वास ठरावाच्या वेळीही तिनं तेच केलं. अनंताशेठ घरी येऊन गेले, महेंद्रदादा येऊन गेले. दोघांना तिनं चहा दिला आणि दोघांना एकच सांगितलं, "माझं मत मी सभेत सांगीन." केरूनं रात्री विचारलं, तर त्यालाही सांगितलं नाही. नोटीस आली ती तिनं टीव्हीखाली नीट ठेवली. सभेला चार दिवस असताना सकाळी तिला दम लागला. चहाचं पाणी चुलीवर होतं. ते उकळायच्या आत सगळं संपलं.

आता हिशेब असा होता. नगरपंचायतीत सतरा सदस्य. ठराव पास व्हायला दोन तृतीयांश पाहिजेत, म्हणजे बारा. महेंद्रदादांकडे त्यांना स्वतःला धरून अकरा होते. पण भीमाबाई गेल्यामुळे सदस्य उरले सोळा, आणि सोळाचे दोन तृतीयांश काढले तर अकरा पुरतात. म्हणजे भीमाबाई यादीत आहे असं धरलं तर अनंताशेठ वाचतात. नाही असं धरलं तर जातात. ती जिवंत असताना सगळं तिच्या मतावर अडलं होतं, आता ते तिच्या नसण्यावर अडलं.

सभेच्या दिवशी केरू तिकडे गेला तो कोणी बोलावलं म्हणून नाही. नोटिशीवर लिहिलं होतं, 'अगत्याने उपस्थित राहावे.' ती अशा कागदाला उत्तर दिल्याशिवाय राहायची नाही. कोणीतरी जाऊन सांगायला पाहिजे, म्हणून तो नोटीस घेऊन गेला आणि दारात उभा राहिला.

सभा चालवायला बाहेरून साहेब आले होते. त्यांना त्याच दिवशी दुपारी मुरबाडला दुसरी एक सभा होती, त्यामुळे ते मान वर न करता भराभर नावं पुकारत होते. भीमाबाईचं नाव आलं. सभागृह गप्प झालं.

अनंताशेठची माणसं गप्प बसली, कारण गप्प बसण्यात त्यांचा फायदा होता. महेंद्रदादांची माणसं गप्प बसली, कारण फार्महाऊसवरून निघताना त्यांना बजावलं होतं, "तोंड उघडायचं ते फक्त 'हजर' बोलायला. बाकी एक शब्द नाय." महेंद्रदादा स्वतः आपले अकरा परत परत मोजण्यात गुंग होते. कातकरीवाडीची सोमी भीमाबाईच्या शेजारच्या खुर्चीवर बसायची. ती तोंडात पदर कोंबून बसली होती.

"भीमाबाई केरू चन्ने! आहेत का नाहीत?" साहेबांनी परत विचारलं.

"ती गेली, साहेब," दारातून केरू बोलला.

"कधी गेल्या?"

"सकाळी."

"का?"

"दम लागला आन गेली."

"काही सांगून तरी जायचं!" साहेब चिडले.

"तेच म्हन्तो मी बी," केरू म्हणाला आणि त्याचे डोळे भरून आले. साहेबांनी ते पाहिलं नाही. त्यांनी लिहिलं, 'सदस्या भीमाबाई केरू चन्ने या प्रकृतीचे कारण देऊन सभा सोडून गेल्या. सभात्याग.' मग हात मोजले. अकरा. सतरापैकी बारा पाहिजेत, म्हणून ठराव फेटाळला. साहेब मुरबाडला गेले.

महेंद्रदादांना काय झालं ते कळेपर्यंत बाहेर फटाके लागले होते. अनंताशेठच्या एका कार्यकर्त्यानं केरूला धरलं आणि त्याच्या पांढऱ्या शर्टावर गुलाल उधळला. "केरूदादा, वहिनींनी वाचवलं आमाला!"

केरू तसाच घरी आला. मुलगी दीप्ती कल्याणला नोकरीला होती आणि आईच्या दुखवट्यासाठी रजा काढून आली होती. तिनं त्याच्या शर्टाकडे पाहिलं, मग मोबाइलवर आलेली बातमी वाचली. 'भीमाबाईंच्या सभात्यागाने नगराध्यक्ष तरले.'

"बाबा, तुमी काय बोललात तिथं?"

"गेली बोललो."

"अहो, वारली बोलायचं ना! नायतर मेली बोलायचं."

केरू उठून पडवीत गेला. तो शब्द त्याच्या तोंडून निघत नव्हता. पहिल्या सकाळी त्यानं नातेवाइकांना फोन केले तेव्हाही 'भीमा गेली' एवढंच म्हणाला होता. त्यांना कळलं होतं. कुठं गेली असं कोणी विचारलं नव्हतं.

बातमीचं एवढं काही नव्हतं. पण आठवड्यानं भीमाबाईच्या पक्षाची नोटीस आली. पक्षानं आदेश काढला होता की सर्व सदस्यांनी सभेत बसून मतदान करावं. भीमाबाईंनी सभात्याग करून पक्षादेश मोडला. त्यांना अपात्र का ठरवू नये, याचा खुलासा त्यांनी सात दिवसांत समक्ष हजर राहून करावा.

केरूनं ती नोटीस दीप्तीकडून दोनदा वाचून घेतली. "तिनं कंची सभा सोडली नाय गो," तो म्हणाला. "लाइट गेले तरी बसली होती."

"मला माहीत हाय बाबा."

"तुला माहीत हाय. पर तिथं लिवलंय ना. ते तिथं राहील."

त्या दिवसापासून केरूला एकच पाहिजे होतं. नगराध्यक्ष कोणी का होईना, भीमाबाई सभा सोडून गेली ही ओळ खोडली पाहिजे.

तो आधी गणूकडे गेला आणि मृत्यूचा दाखला मागितला. दाखला दाखवला की विषय संपेल, असं त्याला वाटलं. गणू म्हणाला, "केरूदादा, साइट बंद हाय." पुढच्या वेळी गणू म्हणाला, "साइट चालू हाय, पर आमचे साहेब बोलले हे प्रकरण न्यायप्रविष्ट हाय. कोर्टात निकाल लागेपर्यंत भीमाक्का हायत का नायत ते आमाला बोलता येत नाय."

"तू तर मयताला होतास गणू. लाकडं तूच रचलीस."

"ती खाजगीत रचली दादा. हे ऑफिस हाय."

न्यायप्रविष्ट झालं होतं हे खरं. महेंद्रदादा हायकोर्टात गेले होते. कोर्टानं सांगितलं की बाई सभेच्या दिवशी हयात होत्या का, हे आधी जिल्ह्याला तपासू द्या. म्हणून ठाण्याला चौकशी लागली. दोन्ही बाजूंनी केरूला गाडीत घालून न्यायची तयारी दाखवली. तो एसटीनं शहापूरला गेला आणि पुढे आसनगावहून लोकलनं ठाण्याला.

चौकशीला एक मॅडम होत्या. समोर दोन वकील. महेंद्रदादांच्या वकिलांनी पुरावा म्हणून एका बॅनरचा फोटो दिला. भीमाबाईच्या पुण्यानुमोदनाच्या, म्हणजे शोकसभेच्या, कार्यक्रमाचं ते बॅनर एसटी स्टँडवर लागलं होतं. मधे भीमाबाईचा फोटो, आणि दोन्ही बाजूंना तिच्यापेक्षा मोठे फोटो अनंताशेठचे आणि महेंद्रदादांचे. खाली 'शोकाकुल'.

"मॅडम, नगराध्यक्ष स्वतः शोकाकुल आहेत," वकील म्हणाले. "आणि आता म्हणतात बाई सभेला होत्या!"

अनंताशेठचे वकील पुण्याहून आले होते. त्यांनी फोटो जवळ घेतला, लांब धरला आणि हसले. "मॅडम, माझ्या मित्रांनी हे नीट वाचलेलं दिसत नाही. बॅनरवर काय लिहिलंय? 'काल कथित भीमाबाई केरू चन्ने.' कथित! कथित घोटाळा, कथित आरोपी म्हणतो तसं. म्हणजे बाईंचं जाणं हे नुसतं कथित आहे, सिद्ध नाही. आणि तेही काल. म्हणजे कुठल्या दिवसाचा काल? बॅनरवर छापल्याची तारीखही नाही!"

"साहेब, तो एकच शब्द हाय," केरू मागून म्हणाला. "कालकथित. आमच्या समाजात स्वर्गवासी लिवत नायत. कालकथित लिवतात."

"म्हणजे स्वर्गवासी नाहीत, हे तुम्ही मान्य करता?"

"स्वर्ग आमी मानतच नाय."

"घ्या मॅडम, नोंद घ्या. पतीच म्हणतात, स्वर्गवासी नाहीत!"

महेंद्रदादांचे वकील उठून उभे राहिले. त्यांनी बाबासाहेब, धम्म आणि पाली भाषा यांवर बराच वेळ भाषण केलं. त्यातलं अर्धं चूक होतं. मग त्यांनी कालकथितचा अर्थ शब्दकोशातून काढून आणण्यासाठी मुदत मागितली. दुसऱ्या वकिलांनी त्या शब्दकोशाला हरकत घेण्यासाठी मुदत मागितली. मॅडमनी दोघांना तारीख दिली.

येताना लोकलमध्ये केरूच्या समोर एक बाई बसली होती. तिनं डबा उघडला तेव्हा त्याला भीमाबाईच्या सुक्या बोंबलाच्या चटणीचा वास आला. तो उंबरमाळीपर्यंत पुढे निघून गेला. त्याला आसनगावला उतरायचं होतं.

पुढच्या तारखेपर्यंत करवंद्यात बरंच झालं. अनंताशेठ आणि महेंद्रदादा एका साखरपुड्यात एका पंगतीला बसले. मग म्हणे किन्हवलीत कोणाकडे तरी दोघं रात्रीपर्यंत बोलले. दिवाळीपर्यंत अनंताशेठनी खुर्चीवर राहायचं, मग राजीनामा द्यायचा आणि पुढची मुदत महेंद्रदादांनी घ्यायची असं ठरलं. निकाल लागेपर्यंत फार्महाऊसवरच ठेवलेले नगरसेवक घरी आले. सोमी तेव्हा केरूकडे येऊन गेली. ती पडवीत बसली आणि म्हणाली, "दादा, मी तवा बोलाय पायजे होता. मना सांगलं होता, त्वांड उघडलंस तर गाडीतून उतरवू. मी काय गाडीतून उतरले नसते का? चालत आले असते."

"जाऊ दे गो," केरू म्हणाला.

"भीमाक्का असती तर बोलली असती."

ते खरं होतं.

तारखेच्या दिवशी दोन्ही वकील हसत आले आणि दोघांनी मिळून एक लेखी पुरसीस दिली. आपसात तडजोड झाली आहे, आता आमची कोणाची तक्रार नाही, चौकशी बंद करावी. शब्दकोश पिशवीतून निघालाच नाही.

महेंद्रदादांनी केरूच्या खांद्यावर हात टाकला. "मिटलं रे दादा. आता घरी जा, आराम कर. पक्षाची नोटीस बी मागं घ्यायला लावतो. वहिनींचा विषय संपला."

"आन ती ओळ?"

"कंची ओळ?"

"ती सभा सोडून गेली लिवलंय ती."

"राहू दे ना. सभात्याग काय वाईट नाय केरूदादा. मोठमोठे लोक करतात. दिल्लीत तर रोज करतात."

पलीकडून अनंताशेठही म्हणाले, "उलट इतिहासात नाव राहील वहिनींचं."

केरू पुढे गेला आणि मॅडमच्या टेबलासमोर उभा राहिला. "मॅडम, माझी तक्रार हाय."

मॅडमनी फाइल बंद केली होती. "अहो, दोन्ही बाजू समाधानी आहेत."

"ती नाय."

"कोण?"

"माझी बायको."

मॅडमनी त्याच्याकडे पाहिलं आणि फाइल परत उघडली. टायपिस्टला खूण केली. "थोडक्यात सांगा. सभेच्या कामकाजात काय दुरुस्त करायचं?"

"ती सभा सोडून गेली नाय."

"मग सभेच्या वेळी त्या कुठे होत्या?"

"ती गेली होती."

टायपिस्टनं हात थांबवले. मागे एक वकील खोकल्यासारखं हसला. मॅडम हळू आवाजात म्हणाल्या, "चन्ने, या एका शब्दानं एवढं सगळं झालंय. मी तोच लिहिला तर उद्या पुन्हा कोणी विचारेल, कुठे गेली. दुसरा शब्द सांगा."

केरूला शब्द येत होता. कसारा ते उंबरमाळी लायनीवर गस्त घालताना त्याला किती तरी वेळा रुळाच्या कडेला कोणी पडलेलं दिसलं होतं. स्टेशनात येऊन तो एका दमात सांगायचा, किलोमीटर अमुक, खांब अमुक, इसम एक, मेलेला. मास्तरनं कधी दुसऱ्यांदा विचारलं नव्हतं. तोच शब्द होता.

"मेली," तो म्हणाला.

"जरा मोठ्यानं," टायपिस्ट म्हणाला. पंख्याच्या आवाजात त्याला ऐकू आलं नव्हतं.

"मेली! भीमा मेली. सभेच्या चार दिस आदी सकाळी मेली. घरात. मी तिथंच होतो."

मागे कोणी हसलं नाही. टायपिस्टनं टाइप केलं आणि मॅडमनी मोठ्यानं वाचलं, "सदस्या भीमाबाई चन्ने या सभेपूर्वीच मयत झाल्या असल्यामुळे त्यांनी सभात्याग केला नाही. त्या सभेस गैरहजर होत्या."

"गैरहजर नका लिवू," केरू म्हणाला.

"का?"

"ती कधी गैरहजर राहिली नाय. ताप असला तरी जायाची."

"चन्ने, मेलेला माणूस गैरहजरच असतो."

केरूनं यावर विचार केला. अनंताशेठनी घड्याळ पाहिलं.

"बरं," तो शेवटी म्हणाला. "लिवा गैरहजर. पर पुढं कारण लिवा. कारण नाय लिवलं तर वाटंल उगाच घरी बसली."

मॅडमनी कारण लिहायला सांगितलं. केरूनं ते परत सांगितलं, आणि या वेळी टायपिस्टला पहिल्या झटक्यातच ऐकू आलं.

शहापूरच्या स्टँडवर तो किन्हवलीच्या गाडीची वाट पाहत बसला असताना फोन वाजला. गणू होता.

"केरूदादा, तडजोड झाली ना? मग साइट चालू झाली. दाखला घेऊन जा. आन तवाच एक नोटीस बी घेऊन जा. पुढल्या सभेची हाय. भीमाक्कांच्या नावानं."

"ती मेली गणू."

इतक्या दिवसांत गणूनं केरूच्या तोंडून हे ऐकलं नव्हतं. "माहीत हाय रे दादा. पर यादी जुनीच हाय. मुंबईवरून नवी येईपर्यंत नाव पुकारावंच लागतं."

"कवा हाय सभा?"

"सोमवारी. अकराला."

"येतू," केरू म्हणाला. "पुकारलं की सांगतू. आता मला सांगता येतं."